गोकाकला पाणी नव्हतं त्या दिवशी

बेळगाव जिल्ह्यातल्या गोकाकचा धबधबा आणि द्राक्षाचा हंगाम यांचं कधी जुळत नाही. घटप्रभा नदी फुगते जुलै-ऑगस्टात आणि द्राक्षं पिकतात जानेवारी ते मार्च. पावसाळ्यात आलात तर ५२ मीटरवरून कोसळणारं गढूळ, तांबडं पाणी बघायला मिळतं, पण वायनरीत, म्हणजे वाइनच्या कारखान्यात, नुसत्या स्टीलच्या टाक्या आणि बागेत नुसता पाला. फेब्रुवारीत आलात तर वेलीवर घड, क्रशर चालू, आंबणाऱ्या रसाचा वास पार गेटपर्यंत. पण धबधबा कोरडा ठणठणीत. ही दोन्ही एकाच दिवसात दाखवायची सहल ज्यांनी काढली त्यांनी कॅलेंडर काही बघितलेलं नाही. निस्तरायचं आमच्यासारख्या गाइडांनी.

मी बेळगावचा. एका बुकिंग कंपनीच्या ग्राहकांना घेऊन हंगामात रविवारी ही फेरी मारतो. जाहिरातीत नाव 'कॅनियन आणि वाइन', आणि खाली फोटो भर ऑगस्टमधला, नालाच्या आकाराच्या कड्यावरून पांढरीशुभ्र धार. फेब्रुवारीच्या तारखांनाही तोच फोटो. बदला म्हणून सांगून झालं. "बघतो" म्हणाले. बघायलेतच अजून.

त्या रविवारी सकाळी साडेसहाला चन्नम्मा चौकात टेम्पो ट्रॅव्हलर लावला. पुण्याची आयटीतली मंडळी, कोल्हापूरची दोन डॉक्टर जोडपी, आणि एक तरुण आपल्या वडलांना घेऊन. वडील तासगावकडचे, पांढरी टोपी, धोतर, गळ्यात तुळशीची माळ. तिकीट सुनेचं होतं, तिला ताप आला, सीट वाया जाऊ नये म्हणून तात्या आले. मी पोराला बाजूला घेऊन विचारलं, वाइन टेस्टिंग आहे, कल्पना दिलीय का? पोरगा म्हणाला, "ते बाहेर बसतील झाडाखाली." तात्यांना ऐकू गेलं. "मी काय बाहेर बसायला आलो न्हाई. सत्तर वर्सं द्राक्षात गेली. त्याचं फुडं काय करत्यात बघू तरी."

गोकाक फॉल्सला पोचलो तेव्हा ऊन अजून कोवळं होतं. गाडीतून उतरून सगळे कड्याकडे गेले आणि थांबले. कड्याच्या एका कोपऱ्यातून चूळ भरावी एवढी धार, बाकी सगळा उघडा दगड. पुण्याचे एक साहेब मोबाइल माझ्यापुढे धरून म्हणाले, "हे कुठंय?" मोबाइलमध्ये ऑगस्ट. मी काही बोलायच्या आत गिरमिट (चुरमुऱ्याचा खाऊ) विकणाऱ्या बाईनंच उत्तर दिलं, "नीर इल्ल्री ईग, मळिगालदाग बर्री." आत्ता पाणी नाही, पावसाळ्यात या. साहेबांनी माझ्याकडून भाषांतर करून घेतलं आणि जास्तच तापले. पैसे परत, ग्राहक मंच, सगळं झालं. त्यांचं चुकत नव्हतं. पण त्या वेळी मी कंपनीला शिव्या घालून पाणी येणार नव्हतं.

तेवढ्यात तात्यांनी विचारलं, "पाणी अडवलंय कुठं?"

या प्रश्नाची मी वाटच बघत असतो, पण तो सहसा कोणी विचारत नाही. सांगितलं: वर हिडकलचं धरण, त्याच्या खाली धुपदाळचा बंधारा. बंधारा इंग्रजांच्या वेळचा, १८९७ सालचा. तिथून घटप्रभेचं पाणी कालव्यात वळतं. नदीला उरेल तेवढंच इथपर्यंत येतं.

"म्हंजे पाणी हाय. हितं न्हाई, एवढंच."

साहेब गप्प झाले असं नाही, पण आवाज खाली आला. मग मी सगळ्यांना कड्याच्या कडेपासून लांब ठेवून खडकावर नेलं. (कठड्याचा भरवसा धरू नये; सेल्फीसाठी मागे सरकणाऱ्या माणसाचा तर त्याहून नाही.) माझं खरं मत सांगतो: गोकाकची दरी बघायची तर कोरड्या दिवसांतच. पावसाळ्यात असतात ते फक्त तुषार आणि आवाज. पाणी हटलं की घळ दिसते, वालुकाश्माचे थर एकावर एक सरळ रचलेले, तांबूस, मध्येच जांभळट, फटीफटीतून पारव्यांची ये-जा. हा कलादगी खोऱ्यातला दगड, अब्जाहून जास्त वर्षांचा. आपल्या सह्याद्रीचा काळा कातळ त्याच्यापुढं कालचं पोर. तो साधारण साडेसहा कोटी वर्षांचा. बेळगाव जिल्ह्यात हे दोन्ही दगड शेजारी नांदतात. सकाळी शहरातून निघताना काळ्या मातीवरून आलो आणि इथं येऊन वाळूच्या दगडावर उभे राहिलो, हे गाडीत झोपलेल्यांना कळलेलं नसतं.

नदीच्या पात्रात रांजणखळगे आहेत. पुराच्या भोवऱ्यात गोटे गरगर फिरून दगडाला पाडलेली भोकं, काहींच्या तळाला ते गोटे अजून पडलेले. एका मोठ्या फरशीवर ओळीने बारीक वळ्या उठलेल्या होत्या. तात्या खाली बसले, हाताने चाचपून बघितल्या. "पाटाच्या बुडात वाळू बसती तशी हाय." तशीच आहे. कुठल्या तरी उथळ पाण्याने वाळूवर उठवलेल्या लाटा, त्यांचाच दगड झालाय. भूगर्भशास्त्राच्या विद्यार्थ्यांना समजवायला जे मला दहा मिनिटं लागतात ते तात्यांनी एका वाक्यात उरकलं. मग डॉक्टरमंडळीही बसून हात फिरवायला लागली. मोबाइलवाले साहेब उभेच होते, पण वळ्यांचा फोटो त्यांनी काढला.

बाकीचं गोकाक झटपट झालं. झुलता पूल सुमारे २०० मीटरचा, आम्ही लांबूनच बघितला. नदीकाठचं चालुक्यांच्या काळातलं महालिंगेश्वराचं देऊळ, आणि पलीकडं १८८७ मध्ये याच पाण्याच्या जोरावर सुरू झालेली सूतगिरणी. करदंट, म्हणजे गोकाकची मिठाई, घ्यायला गावात जायचंय असा आग्रह झाला, तो मी मोडून काढला. दुपारच्या आत अथणीकडे, वायनरीच्या बाजूला, सरकलो नाही तर सगळाच दिवस बोंबलतो.

कालवा आडवा आला तेव्हा तात्यांनीच गाडी थांबवायला लावली. काठोकाठ वाहणारं पाणी, आणि दोन्ही बाजूंना नजर पोचेल तिथवर ऊस. "ह्यो बघा तुमचा धबधबा," तात्या साहेबांना म्हणाले. "आडवा झालाय नुसता." गाडीत सगळे हसले, साहेबसुद्धा. माझ्या डोक्यावरचं निम्मं ओझं तिथं उतरलं. नंतरच्या फेऱ्यांत मी या जागी पाच मिनिटांचा थांबा कायमचा घातलाय. जाहिरातीत तो नाही.

रायबागेत खानावळीत जोंधळ्याची भाकरी, एण्णगाई (भरली वांगी), शेंगाचटणी, दही. कुडचीच्या पुलावरून कृष्णा ओलांडली आणि अथणीच्या भागात शिरलो. इथून पुढं उसाची गर्दी विरळ होते आणि द्राक्षाचे मांडव दिसायला लागतात, बेदाण्याच्या शेड दिसतात, तेलसंगपासून थेट विजापूरपर्यंत. तात्या खिडकीला नाक लावून बसले होते. "ही आमचीच शेती हाय की," म्हणाले. सीमा कागदावर आहे. डाऊनी आणि भुरी, द्राक्षावरचे हे रोग दोन्हीकडं सारखेच पडतात.

वायनरी छोटी आहे. कर्नाटक सरकारनं २००७ मध्ये वाइनचं धोरण आणलं, त्यात बेळगाव-विजापूर-बागलकोटचा हा पट्टा कृष्णा खोरं म्हणून धरला, त्यानंतर इकडं असे प्रयोग सुरू झाले. आम्हाला फिरवून दाखवणारा पोरगा विजापूरकडचा, मराठी-कन्नड दोन्ही झकास. बागेत गेल्या गेल्या तात्यांचा चेहरा पडला. मांडव नाही, तारेवर उभ्या ओळी, कुंपणासारख्या. घड मूठभर, मणी हरभऱ्याएवढे.

"जीए दिलं न्हाई व्हय?"

पोरगा हसला. नाही, इथं त्या संजीवकानं मणी फुगवायचे नसतात. वाइनला साल पाहिजे, रंग आणि तुरटपणा सालीत असतो. मणी जेवढा बारीक तेवढी रसाला साल जास्त. एकरी चार-पाच टनावर माल ठेवत नाहीत, जास्तीचे घड कोवळे असतानाच काढून टाकतात. तात्यांना हे पचेना. तिकडं बेदाण्याच्या बागेत एकरी दहा-बारा टन काढायला माणूस रात्रीचा दिवस करतो, आणि इथं धरलेला माल कात्री लावून खाली पाडतात! "आन् वर दर तरी काय?" पोरानं विषय बदलला.

मग तात्यांनी शिराझचा एक मणी तोडला आणि अंगठा-तर्जनीत दाबला. रस निघाला तो जवळपास पाण्यासारखा, आणि बोटं मात्र जांभळी. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "अहो, रस पांढराय!" हे मी दर वेळी तोंडानं सांगतो, कोणाच्या लक्षात राहत नाही. तात्यांनी बी दाताखाली धरून फोडली, बोटावर काढून बघितली. तपकिरी, कुरकुरीत. "तोडाय आलीया." पोरानं खिशातून रसातली साखर मोजायचा रिफ्रॅक्टोमीटर काढला, एक थेंब टाकून तात्यांकडं दिला. त्यांनी तो उन्हाकडं असा सराईत धरला की पोरगा बघतच राहिला. "तेवीस." ब्रिक्स, म्हणजे साखरेचं माप, २३. निर्यातीच्या द्राक्षाला अठराच्या आसपास तोडतात, हे तात्यांनीच सगळ्यांना सांगितलं. माझ्या वाट्याला बोलायला काही उरलं नव्हतं.

आत क्रशर चालू होता. पहाटे गारव्यात तोडलेला माल क्रेटमध्ये. मी नेहमीची सूचना दिली: टाकीच्या झाकणातून आत डोकावू नका. रस आंबताना कार्बन डायऑक्साइड निघतो, तो जड असतो, साचून राहतो, माणूस बघता बघता गुदमरतो. तात्यांनी मान हलवली; विहिरीत उतरताना आधी कंदील सोडणाऱ्यांच्या पिढीतले ते.

टेस्टिंगचं टेबल लावलं. आधी गार शेनिन ब्लाँ, म्हणजे पांढरी वाइन, मग लाल. ग्लास देठाला धरा, फिरवा, वास घ्या, घोट तोंडात घोळवा, नको असेल तर बादलीत थुंका. कोल्हापूरचे डॉक्टर म्हणाले, "एवढी चांगली वस्तू थुंकायची कशाला?" आणि शेवटपर्यंत थुंकले नाहीत. तात्यांपुढं द्राक्षाचा ताजा रस ठेवला होता. त्यांनी तो पिला, आणि मग मुलाचा ग्लास ओढून नुसता हुंगला. पहिल्या लाल वाइनला काही बोलले नाहीत. दुसऱ्या ग्लासात नाक घातलं, बाहेर काढलं, पुन्हा घातलं.

"ह्यो माल उशिरा तोडलाय. वेलीवरच सुकाय लागला व्हता. शेडमधल्या बेदाण्याचा वास हाय ह्याला."

पोरानं बाटली वळवून मागच्या बाजूचा लॉट नंबर बघितला, आत जाऊन वही घेऊन आला. त्या वर्षी तोडणीला मजूर मिळाले नव्हते, तो प्लॉट आठ-दहा दिवस लांबला होता. पुण्याच्या साहेबांनी ताबडतोब तो ग्लास हुंगला, बायकोला हुंगायला दिला. "हो, बेदाणाच!" कालपर्यंत ते वाइनमध्ये 'चेरी आणि व्हॅनिला' शोधायचे म्हणे. तासगावच्या शेजारी राहून आपल्याला चेरीचा वास कशाला आठवायचा, कोण जाणे.

निघताना बाटल्यांची खरेदी सुरू झाली आणि मी आडवा आलो. कर्नाटकातली बाटली महाराष्ट्रात न्यायची तर परवाना लागतो, कोगनोळीला गाडी तपासली तर सगळ्यांचाच खोळंबा. बेळगावात मुक्काम आहे त्यांनी घ्या, तिथंच संपवा, हद्दीपलीकडं नेऊ नका. कोल्हापूरकर हिरमुसले. साहेबांचा मुक्काम बेळगावातच होता. त्यांनी तो उशिरा तोडलेला लॉटच घेतला.

तात्या वाइनच्या काऊंटरकडं फिरकले नाहीत. मॅनेजरला गाठून कलमाला कुठलं खुंट वापरता, डॉगरिज का, खरड छाटणी कधी, पाणी कसलं, असं अर्धा तास चाललं. ड्रायव्हर हॉर्न वाजवून थकला.

बेळगावला पोचायला रात्र झाली. दुसऱ्या दिवशी साहेबांची तक्रार कंपनीकडं गेलीच: फोटो दिशाभूल करणारा आहे. अगदी बरोबर. गाइडबद्दल चांगलं लिहिलं होतं, पण तेवढ्यानं फोटो काही बदलला नाही. आता मीच आदल्या आठवड्यात सगळ्यांना कोरड्या कड्याचा फोटो पाठवतो. काही जण रद्द करतात, त्यांना पावसाळ्यात या म्हणतो, द्राक्षाचं नाव काढत नाही.

एप्रिलमध्ये तात्यांच्या मुलाचा फोन आला. तात्यांना वीस गुंठ्यांत वाइनची द्राक्षं लावायची आहेत, वायनरी करार करेल का? मॅनेजरचा नंबर दिला. दोघांचं बोलणं झालं. एकरी चार-पाच टन आणि दर ऐकून तात्या म्हणाले, बेदाणाच बरा.