बादलीत धुतलेली फिल्म

बाथरूमच्या दाराच्या फटींना काळा कागद चिकटवला. लाल दिवाही नको, ट्राय-एक्स ही कृष्णधवल फिल्म त्या उजेडानेही खराब होते. पंधरा मिनिटं पूर्ण अंधार, पुढ्यात बादली.

मी मूळची चित्रकार. चित्रकार अकबर पदमसींनी १९६९ मध्ये मुंबईत व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप सुरू केलं आणि नलिनी मालानींसारख्या चित्रकारांनी तिथे कॅमेरा हाती घेतला, हे वाचल्यापासून मला धीर आला होता. पुण्यात आमच्याच स्वयंपाकघरात भाकऱ्या थापणाऱ्या आईला मी १६ एमएम फिल्मवर टिपलं. कॅमेरा उसना, चावीचा बोलेक्स. एका चावीत जेमतेम २८ सेकंद. शंभर फुटांचा रोल पावणेतीन मिनिटांत संपतो. म्हणून कॅमेरा सुरू करण्याआधी मी चार दिवस नुसते आईचे हात बघत बसले.

फिल्म धुवायची, म्हणजे तिच्यावरचं चित्र उमटवायचं, ते कॅफेनॉल या घरी बनवलेल्या द्रावणात: लिटरभर पाण्याला ५४ ग्रॅम धुण्याचा सोडा, १६ ग्रॅम व्हिटॅमिन सी, ४० ग्रॅम स्वस्त इन्स्टंट कॉफी. वास असह्य. पाणी २० अंशांवर हवं आणि मे महिन्यात नळाला कोमट पाणी, म्हणून बादली बर्फाच्या टबात ठेवली.

पहिला रोल गेला. वेटोळी एकमेकांना चिकटली, तिथे द्रावण पोचलंच नाही. हायपोतून, म्हणजे चित्र पक्कं करणाऱ्या द्रावणातून, काढल्यावर त्या जागी कोरी पारदर्शक पट्टी. मी खूप रडले. दुसऱ्या वेळी २५ फुटांचे तुकडे केले आणि हातमोजे घालून सबंध वेळ बोटांनी वेटोळी सुटी करत राहिले. तरी डाग राहिलेच. ते मी कापले नाहीत.

प्रेक्षकांसमोर निगेटिव्हच प्रोजेक्टरवर चढवली. तिच्यात आईची काळी साडी पांढरी, पीठ काळं. पडदा म्हणून काळं कापड टांगलं. त्यावर काहीच दिसत नव्हतं. मग मी ज्वारीच्या ओल्या पिठाचे हात त्यावर थापू लागले. जिथे पीठ चिकटे, तिथेच आई उमटे: आधी मनगट, मग बांगड्या, मग परातीची कड. चाळीसेक माणसं गप्प बसून होती.

पहिल्या रांगेतून आई म्हणाली, "पाणी जास्त झालंय गं, गळतंय बघ."

मी पीठ घट्ट केलं आणि तिचा चेहरा यायच्या जागी थापायला लागले.