अपील दाखल झालं म्हणून वसुली थांबत नाही

ठाण्याच्या मोटार अपघात न्यायाधिकरणाने टेम्पोमालकावर ८ लाखांचा अवॉर्ड, म्हणजे भरपाईचा निवाडा, केला. अपघाताच्या दिवशी विमा संपलेला होता. मालकाने मुंबई हायकोर्टात अपील केलं, २५,००० रुपये भरले आणि घरचे निर्धास्त झाले. इथेच घात होतो. मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ खालची ही रक्कम म्हणजे फक्त अपील घेतलं जाण्याची अट. तिने दरखास्त, म्हणजे वसुलीसाठी कोर्टात केलेला अर्ज, थांबत नाही, कोर्टाचा बेलिफ जप्तीचं वॉरंट घेऊन दारात येऊ शकतो.

अपिलाची मुदत अवॉर्डपासून ९० दिवस. निकालाच्याच दिवशी नकलेचा अर्ज टाका. नक्कल मिळायला लागलेला काळ मुदतीतून वगळतात. मुदत उलटली तर आधी उशीर माफीचा अर्ज चालतो आणि तोवर वसुलीला स्थगिती मिळणं फार अवघड.

स्थगितीसाठी अंतरिम अर्ज वेगळा करावा लागतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ नियम ५ प्रमाणे तीन गोष्टी दाखवायच्या: वसुली झाली तर मोठं नुकसान होईल, अर्जाला विनाकारण उशीर केलेला नाही, आणि रकमेची हमी द्यायची तयारी आहे. अर्जाला दरखास्तीचा नंबर, पुढची तारीख, जप्तीची नोटीस आणि व्याजासह हिशेब जोडा. ८ लाखांवर साडेसात टक्क्यांनी चार वर्षांचं व्याजच २,४०,००० होतं, म्हणजे आकडा १०,४०,००० चा.

‘एक रुपयाही भरणार नाही’ हा पवित्रा पैशांच्या हुकूमनाम्यात सहसा टिकत नाही. आमच्या मते मान्य रक्कम स्वतःहून देऊ करणं शहाणपणाचं. अपघातात गेलेल्या माणसाचं उत्पन्न जास्त धरलं असा मुद्दा असेल तर तुमच्या हिशेबाने निघणारी रक्कम व्याजासह भरायला तयार व्हा आणि स्थगिती उरलेल्या रकमेपुरती मागा. जमा पैसे राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवावेत आणि वादातला भाग समोरच्याला हमीशिवाय काढू देऊ नये, हेही अर्जातच मागा. भरण्याची तारीख चुकली की बहुतेक आदेशांप्रमाणे स्थगिती आपोआप उठते. मुदतवाढ हवी तर तारखेच्या आत मागा.

आदेश झाला तरी काम संपत नाही. स्थगिती लागू होते ती खालच्या कोर्टाला कळल्यापासून. आदेशाची नक्कल हाती यायला वेळ लागणार असेल तर अपीलकर्त्याने स्वतःच्या माहितीवर केलेलं प्रतिज्ञापत्र ठाण्याच्या न्यायाधिकरणात दरखास्तीत दाखल करावं. नक्कल येईपर्यंत त्यावर कोर्टाला थांबावं लागतं. कलम १७४ खाली कलेक्टरकडे वसुलीचा दाखला गेला असेल तर महसुली थकबाकीसारखी वसुली सुरू होते. मग आदेशाची प्रत कलेक्टर कचेरीत आणि तहसीलदाराकडेही द्या, दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या.

दुसऱ्या बाजूला, भरपाई मागणाऱ्या अर्जदार कुटुंबाने अवॉर्ड हाती पडताच हायकोर्टात कॅव्हेट, म्हणजे आपलं ऐकल्याशिवाय आदेश करू नये असा अर्ज, टाकावं. ते ९० दिवस चालतं, मग पुन्हा टाकावं लागतं.