लोणासुराला कोण खातं?

दिवाळी अंकाला कथा कबूल करून बसले होते. कथेत एक डोंगरी गाव आहे. तिथे कुणी मंत्र म्हटला की त्यातली थोडी जादू चुलीच्या धगीसारखी वाया जाते आणि भिंतींत मुरते. त्या मुरलेल्या जादूवर जगणारे, डोळ्यांना न दिसणारे जीव मी रचले होते. गावकरी त्यांना मंत्रबुरशी म्हणतात. जादू मिळाली की ती गुलाबी होते, नाही मिळाली की राखाडी. मला फार आवडलं होतं हे. मग नऊ वर्षांच्या भाचीला वाचून दाखवलं. तिने एकच विचारलं, "आत्या, मग ते शी काय करतात?"

ह्या प्रश्नाने कथा तिथेच अडली. जादू खाल्ली, मग पुढे काय? पोटात काय होतं तिचं? उत्तर सुचेना, तेव्हा एखादं खरोखरचं विचित्र पाणी बघून यावं म्हणून लोणारला निघाले. दोन-तीन वर्षं झाली या गोष्टीला. महिना मे होता, म्हणजे तिथे जाऊ नये असा. जालन्याहून मंठामार्गे एस.टी., मांडीवर पाण्याच्या दोन बाटल्या, आणि खिडकीतून भट्टीचं तोंड उघडल्यासारखा वारा.

कडेवर पोचलं की पहिल्यांदा आकार अंगावर येतो. बेसाल्टच्या काळ्या पठारात उल्का आदळून पडलेला हा वाडगा जवळजवळ 1.8 किलोमीटर रुंद आहे. त्याचं वय पूर्वी 50 हजार वर्षांच्या आसपास सांगत. अलीकडे खडकातल्या आर्गॉन वायूच्या मोजणीत ते सुमारे 5 लाख 70 हजार निघालं. मला मात्र दैत्यसूदन मंदिरातली हकिगत जास्त उपयोगाची वाटली. लोणासुर जमिनीखाली दडून राहायचा. विष्णूने पायाच्या अंगठ्याने त्याच्या बिळावरचं झाकण उडवलं आणि त्याला मारलं. तळ्यातलं पाणी हे त्याचं रक्त, आणि काठावरचा खार हे त्याचं कुजलेलं मांस.

हे ऐकून मी मंदिराच्या पायरीवर बसलेच. मेलेल्या राक्षसाचं मांस पाण्यात विरघळलंय आणि त्यात काहीतरी जगतंय. माझ्या कथेच्या कितीतरी शतकं आधी इथल्या लोकांनी ती लिहून ठेवली होती, आणि तीही जास्त चांगली.

खाली उतरताना गोमुखाची बारमाही धार लागते. पाणी गोड, गार. हेच पाणी खाली तळ्यात जातं आणि तिथून त्याला बाहेर पडायला वाट नाही. ऊन पाणी नेतं, खार मागे ठेवतं. वर्षानुवर्षं हेच चाललंय, म्हणून तळ्याचा सामू (पीएच) 10 च्या वर गेलाय. इथून पूर्वी पापडखार काढायचे, हे वाचल्यापासून पापडाकडे बघायची माझी नजर बदलली आहे.

रान संपतं आणि वास सुरू होतो. सडक्या अंड्यांचा. पाणी हिरवं होतं, दाट, मटारच्या सारासारखं. हा रंग स्पिरुलिनासारख्या नीलहरित जीवाणूंचा. मी गुलाबी बघायला आले होते, हे माझ्या तोंडावर दिसलं असावं. बरोबरचे वाटाडे काका हसले. "ताई, गुलाबी पानी पाहाचं व्हतं तं दोन हजार वीसले यायचं. पन तवा लॉकडाउन व्हतं. पानी रंगलं, अन् पाहाले कोनी नाही."

त्या जूनमध्ये फोटो सगळीकडे फिरले होते. प्रकरण उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापर्यंत गेलं, पाण्याचे नमुने तपासायला दिले गेले. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने कारण सांगितलं: पाणी आटलं, खारटपणा वाढला, आणि हॅलोआर्किया नावाचे मीठप्रेमी सूक्ष्मजीव माजले. गुलाबी रंगद्रव्य त्यांचंच. नमुना ठेवून दिल्यावर जीव तळाशी बसले आणि वरचं पाणी नितळ झालं. म्हणजे रक्ताला रंग नव्हता, रक्तात राहणाऱ्यांना होता.

या घराण्यातल्या काहींची एक सवय मला आधीपासून माहीत होती, पण तिचा अर्थ तिथे, कमळजा देवीच्या देवळाच्या सावलीत बसून वही उघडल्यावर लागला. त्यांच्या पेशीच्या पटलात बॅक्टेरिओऱ्होडॉप्सिन नावाचं जांभळं प्रथिन असतं. 1971 मध्ये ते ओळखलं गेलं. त्यात रेटिनल असतं, आपल्या डोळ्याच्या पडद्यात असतं तेच. त्यावर उजेड पडला की ते प्रोटॉन बाहेर ढकलतं, आणि ते प्रोटॉन परत आत येताना पेशीसाठी ऊर्जा दळणारं जातं फिरवतात. थोडक्यात, हे जीव उजेड खातात. मंत्रबुरशीला याहून सख्खा नातेवाईक मिळणार नाही.

पण यात दोन मेखा आहेत. एक, प्राणवायू भरपूर असेल तर ते उजेडाच्या वाटेला फारसे जात नाहीत. चारचौघांसारखे जेवतात. जांभळं प्रथिन भरभरून बनतं ते जीव गुदमरायला लागल्यावर. दुसरी मेख मला जास्त आवडली. उजेडाने चूल पेटते, पीठ येत नाही. शरीर बांधायचा माल त्यांना मेलेल्या शेजाऱ्यांकडूनच घ्यावा लागतो. हिरवे मरतात, त्यावर गुलाबी जगतात. गोड्या पाण्यात टाका, फुटून मरतात. गोमुखाची ती धार, जिला आपण तीर्थ म्हणतो, त्यांच्यासाठी विष आहे.

माझी मंत्रबुरशी तिथल्या तिथे बदलली. जादू हे तिचं पक्वान्न नव्हतंच कधी. गावातली हवा कोंडली की नाइलाजाने ती जादूकडे वळते. भिंत गुलाबी झाली तर गावकऱ्यांनी आनंदायचं नाही, घाबरायचं.

निघताना देवीची हळद कपाळाला लावली, बोटं रुमालाला पुसली. मग काठावर वाकून तोच रुमाल पाण्याला टेकवला. पिवळा डाग बघता बघता लाल झाला. क्षारात हळद लाल होते, कुंकू असंच करायचे, हे सगळं ठाऊक होतं. तरी अंगावर काटा आला. काका म्हणाले, "देवीचं हाय ते." मी वाद घातला नाही.

चढताना मात्र दोनदा बसावं लागलं आणि एका चपलेचा अंगठा तुटला. विष्णूच्या अंगठ्याचं नाव घेत, पाय ओढत वर आले.

घरी रुमाल धुताना भाची मोरीच्या दारात उभी होती. सगळं ऐकून घेतलं तिने. राक्षस, उजेड, जातं, पीठ. मग म्हणाली, "ते ठीक आहे. पण शी?"

कथा अंकाला वेळेत गेली नाही.