तांब्याची तार धरून: वाचनाची नोंद, वर्ष दुसरं

मागची नोंद लिहिली तेव्हा मी सुमेरमध्ये, म्हणजे प्राचीन मेसोपोटेमियाच्या (आजच्या इराकच्या) दक्षिण भागात, रुतलो होतो. जगाचा इतिहास वाचायचा तर पहिल्या पानापासून, क्रमाने, असा माझा हट्ट होता. तीनदा सुरुवात केली आणि तिन्ही वेळा किश, उरुक, ऊर, लगश यांच्या राजांच्या याद्यांत बुडालो. पुढे इजिप्त आहे, चीन आहे, माया आहेत, हे अनुक्रमणिकेत रोज दिसायचं. तिथवर पाय मात्र पोचेना.

नव्या मंडळींसाठी थोडक्यात ओळख. नागपूरच्या इतवारीत माझं मोटर वाइंडिंगचं दुकान आहे. मार्च ते जून कुलरच्या मोटरी आणि पंखे, त्यानंतर शेतातले पंप. वाचन होतं ते दुपारी दोन ते चार या वेळात, नाहीतर रात्री जेवणं झाल्यावर. इतिहासाचा आणि माझ्या शिक्षणाचा काही संबंध नाही. हात मात्र दिवसभर तांब्यात असतात. आणि शेवटी वाट सापडली ती तांब्यातूनच.

मार्च

ऊर शहराच्या उत्खननावरचं एक पुस्तक चाळत होतो. लिओनार्ड वूली यांनी १९२२ ते १९३४ अशी बारा वर्षं तिथे खणलं. राणी पुआबीचे दागिने, सोन्याचा बकरा, हे सगळं फोटोंत आधी पाहिलेलं होतं, म्हणून पानं पटापट उलटत होतो. तर एका कोपऱ्यात मातीच्या एका पाटीचं चित्र. उंची ११.६ सेंटीमीटर, म्हणजे आपल्या मोबाइलपेक्षा बुटकी. इ.स.पू. १७५० च्या सुमाराची. दोन्ही अंगांनी कीलाकार लिपी दाटीवाटीने भरलेली. ना राजाची आज्ञा, ना देवाचं स्तोत्र. गिऱ्हाइकाची तक्रार!

नन्नी नावाच्या माणसाने एआ-नासिर या तांब्याच्या व्यापाऱ्याला लिहिलंय. मतलब असा: चांगल्या प्रतीच्या लगडी देतो म्हणालास, आणि माझ्या माणसापुढे रद्दी माल टाकलास. वर त्यालाच ऐकवलंस की घ्यायचं तर घे, नाहीतर चालता हो. मला समजतोस काय? शत्रूच्या मुलखातून माझी माणसं रिकाम्या हाताने परत आली. यापुढे माझ्या अंगणात एकेक लगड मी स्वतः निवडून घेईन.

मी पुस्तक काउंटरवर उपडं ठेवलं आणि एकटाच हसत बसलो. कारण त्याच आठवड्यात काटोलकडचे एक काका आले होते. "भाऊ, तार कोणती टाकली जी तुम्ही? मोटर गरम होऊन राहिली नं!" तार मी चांगलीच टाकली होती, पण बाजारात तांब्याचा मुलामा दिलेली अ‍ॅल्युमिनियमची तार सर्रास फिरते, त्यामुळे संशय आमच्यावर कायमचाच. शेवटी त्यांच्यासमोर तारेचं टोक ब्लेडने खरवडलं. वरचं इनॅमल निघालं, आतून लालसर तांबं. अजून खरवडलं. तरी लालच. आतून पांढरी निघाली असती तर माझी काही खैर नव्हती. बिघाड बेअरिंगमध्ये होता.

एआ-नासिरच्या घरात अशा तक्रारींच्या आणखीही पाट्या सापडल्या. त्याने त्या जपून का ठेवल्या असतील? मला वाटतं, हिशेबाची भानगड. उधारी मिटेपर्यंत आम्हीही चिठ्ठी फाडत नाही.

त्या दिवशी ठरवलं की राजे सोडायचे आणि तांबं धरायचं. ते नेईल तिथे जायचं.

एप्रिल, मे

सीझन. दोन महिन्यांत सव्वा पुस्तक. त्यातलं पाव म्हणजे जे कुलरसमोर ठेवून झोपलो ते. सकाळी पाहतो तर पानं फुगून पुस्तक दुप्पट जाड झालेलं. पंख्याखाली वाळवलं तशी पानं पापडासारखी झाली, आता उलटताना कुरकुर वाजतात. बायको म्हणाली, "अहो, निदान त्याला तरी थंडावा मिळाला."

जे एक पूर्ण झालं ते दिलमुनच्या व्यापारावरचं. दिलमुन म्हणजे आजचं बहारीन आणि आसपासचा भाग. मगन म्हणजे ओमान, आणि मेसोपोटेमियाचं बरंचसं तांबं तिथल्या डोंगरांतून यायचं. एआ-नासिरही दिलमुनशीच व्यापार करायचा. तिसरं नाव मेलुहा, ते म्हणजे सिंधू खोरं, असं बहुतेक अभ्यासक मानतात. अक्कडचा राजा सारगॉन फुशारकी मारतो की मेलुहा, मगन आणि दिलमुनची जहाजं माझ्या धक्क्याला लागतात. लूव्र संग्रहालयात एक मुद्रा आहे, शू-इलिशू नावाच्या माणसाची. त्याचा धंदा तिच्यावरच कोरलाय: मेलुहाच्या भाषेचा दुभाषा. हडप्पाची लिपी आपल्याला अजून वाचता येत नाही, आणि हा गृहस्थ ती भाषा बोलून पोट भरत होता! या ओळीवर मी बराच वेळ थांबलो.

जून, जुलै

बर्डीवरून जुनं एक पुस्तक आणलं, कांस्ययुगावरचं. घरी येऊन वाचतो तर पान १७६ नंतर थेट १९३. अख्खा फर्मा गायब. विकणाऱ्याकडे गेलो तर तो म्हणाला, "म्हणून तर स्वस्त दिलं नं भाऊ." बोलायची सोय नाही. एआ-नासिरचा वंश अजून बुडालेला नाही.

गेलेली सोळा पानं हित्ती लोकांची होती, म्हणून वाचनालयातून वेगळं पुस्तक आणलं. बरं झालं, नाहीतर किक्कुली भेटला नसता. हा मितन्नी देशाचा घोडे शिकवणारा. तुर्कस्तानात हित्तींच्या हत्तुशा या राजधानीत सापडलेल्या पाट्यांवर त्याचा पाठ आहे: रथाच्या घोड्याला कुठल्या दिवशी किती पळवायचं, कधी न्हाऊ घालायचं, काय खायला द्यायचं. भाषा हित्ती, पण घोड्याच्या फेऱ्यांचे आकडे आले की शब्द बदलतात. ऐक-वर्तन्न, तेर-वर्तन्न, पंझ-वर्तन्न, सत्त-वर्तन्न, ना-वर्तन्न. मोठ्याने वाचून बघा. एक, तीन, पाच, सात, नऊ. आणि वर्तन म्हणजे फेरी. लेकीला वाचून दाखवलं तर ती म्हणाली, "बाबा, हे तर संस्कृतच्या पेपरासारखं आहे." त्याच मितन्नींच्या राजाने हित्तींशी तह करताना मित्र, वरुण, इंद्र आणि नासत्य यांना साक्षीला बोलावलंय. हे इ.स.पू. चौदाव्या शतकातलं, आणि जागा कुठली, तर सिरिया-तुर्कस्तान! यावरून कोण कुठून कुठे गेलं याचा वाद सुरू होतो. तो वाद मी या वहीत आणणार नाही, ज्याला घालायचा त्याने समोर बसून घालावा, सोबत तर्री पोहे माझ्याकडून.

ऑगस्ट ते ऑक्टोबर

या वर्षातला सगळ्यात भरलेला काळ. १९८२ साली तुर्कस्तानच्या दक्षिण किनाऱ्याजवळ, उलुबुरुनला, समुद्रातून स्पंज काढणाऱ्या एका पाणबुड्याने वर येऊन सांगितलं की खाली 'कानवाली धातूची बिस्किटं' पडली आहेत. ती तांब्याच्या लगडी निघाल्या. चारही कोपरे बाहेर काढलेल्या, ताणून वाळत घातलेल्या कातड्यासारख्या आकाराच्या. १९८४ ते १९९४ अशी अकरा वर्षं बावीस हजारांवर बुड्या मारून ते जहाज उकललं गेलं. इ.स.पू. चौदाव्या शतकाच्या अखेरचं. तांबं सुमारे १० टन आणि कथील सुमारे १ टन.

दहाला एक. कांसं करण्याचं प्रमाण नेमकं हेच. म्हणजे जहाज नुसता माल वाहत नव्हतं, अख्ख्या एका सैन्याची हत्यारं सुटी करून नेत होतं. मी माझा हिशेब मांडला: कुलरच्या मोटरीला जेमतेम अर्धा किलो तार धरली तर १० टनांत वीस हजार मोटरी. माझ्या हयातीत इतक्या भरून होणार नाहीत. आणि हे एका जहाजाचं.

तांबं सायप्रसचं. कथील लांबून आलेलं, काही अनातोलियातून, काही मध्य आशियातून, असं धातूच्या तपासणीवरून म्हणतात. सायप्रसच्या राजाचं, तेव्हाच्या अलाशियाच्या, इजिप्तच्या फॅरोला लिहिलेलं एक पत्र आहे. १८८७ साली इजिप्तमधल्या अमार्नाला सापडलेल्या पाट्यांतलं. भाऊ म्हणून संबोधतो आणि सांगतो की तांबं कमी पाठवतोय, राग धरू नकोस, रोगराईच्या देवाने माझ्या देशातली तांब्याची माणसं मारून टाकली. दोन राजे, आणि मधे माल कमी पडल्याची सबब. ही पाटी वाचताना मला पुरवठादाराचे फोन आठवले.

कथिलाशी माझी ओळख जुनी, पण ती जोडायचं सुचलं नव्हतं. लहानपणी नागपूरच्या महाल भागात कल्हईवाला गल्लीत बसायचा. जमिनीत खड्डा, त्यात कोळसे, बाजूला कातडी भाता. पातेलं तापलं की नवसागराची चिमूट टाकायचा, पांढरा धूर उठायचा आणि नाकात झोंबायचा. मग कथिलाची कांडी आत टेकवायची, ती वितळली की कापसाच्या बोळ्याने एकाच झटक्यात सगळीकडे फिरवायची. काळं पडलेलं पातेलं डोळ्यांदेखत चांदीसारखं. तेच कथील, ज्याच्यासाठी मध्य आशियापासून भूमध्य समुद्रापर्यंत माणसं धडपडत होती, आमच्या गल्लीत आंबट वरण कळकू नये म्हणून वापरलं जायचं. कासार हा शब्दही कांशातूनच आला. आणि तांब्या तर आता स्टीलचाही असतो, नाव मात्र सुटलं नाही.

इ.स.पू. १२०० च्या सुमारास हे सगळं जाळं तुटलं: हत्तुशा ओसाड, सिरियाच्या किनाऱ्यावरचं उगारित बेचिराख, ग्रीसमधले राजवाडे जळालेले. दुष्काळ, समुद्रावरून आलेल्या टोळ्या, व्यापार थांबणं, यांतलं काय आधी आणि काय नंतर यावर दोन पुस्तकं वाचली. दोघांचं एकमेकांशी पटत नाही. मला तूर्त कथील न मिळाल्याची बाजू पटते, पण मी तर तांब्याचाच माणूस, माझं मत विचारूच नये.

नोव्हेंबर, डिसेंबर

इथवर मी परदेशातच भटकत होतो. वळलो ते एका तळटीपेमुळे. गुंगेरिया. बालाघाट जिल्हा, आता मध्य प्रदेशात, पण १८७० साली मध्य प्रांतात, म्हणजे नागपूर राजधानी असलेल्या मुलखात. त्या वर्षी तिथे जमिनीत तांब्याच्या ४२४ वस्तू आणि चांदीचे १०२ पातळ पत्रे एका जागी सापडले. तांब्याचं वजन पावणेचारशे किलोंच्या आसपास. बहुतेक सपाट कुऱ्हाडी आणि पहारीसारख्या लांब पट्ट्या. त्यांतल्या काही ब्रिटिश म्युझियममध्ये गेल्या आणि काही आपल्या अजब बंगल्यात आल्या. १८६३ साली उघडलेल्या या संग्रहालयात मी शाळेच्या सहलीत दोनदा गेलोय. आठवतात ते पेंढा भरलेले प्राणी. तांबं आठवत नाही.

आपल्याच राज्यातलं दायमाबादही याच ओघात वाचलं. १९७४ साली झाडाचं खोड खणताना एका भिल्ल शेतकऱ्याला तांब्याचे चार नग मिळाले: बैलांचा रथ, हत्ती, गेंडा, रेडा. मिळून साठ किलोंच्या वर, आणि भरीव. भंगारात गेले नाहीत हे आपलं नशीब.

डिसेंबरच्या एका रविवारी लेकीला घेऊन जुनापाणीला गेलो. काटोल रस्त्याने, शहरापासून फार लांब नाही. दगडांची वर्तुळं, अशी तीनशेच्या आसपास आहेत तिथे. पूर्वजांची दफनं. रिव्हेट-कार्नक या इंग्रज अधिकाऱ्याने एकोणिसाव्या शतकात काही खणली, लोखंडी हत्यारं आणि घोड्याचं सामान निघालं. त्याच बाजूला माहूरझरीला पुरातत्त्वज्ञ शां. भा. देव यांनी १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला खणलं, तेव्हा माणसांसोबत पुरलेले घोडे मिळाले, आणि घोड्यांच्या तोंडावरचे तांब्याचे दागिने. पारशिवनीकडे नायकुंडला लोखंड गाळायची भट्टीही सापडली. म्हणजे इथे हत्यारं लोखंडाची झाली, तरी घोडा सजवायला तांबंच.

लेक एका मोठ्या दगडावर हात फिरवत होती. "बाबा, इथे खळगे आहेत." वाटीएवढे, एका ओळीत. अभ्यासक त्यांना कप-मार्क म्हणतात आणि त्यांच्या दिशांवर संशोधन करतात. तिने त्यात बोट फिरवून एक, तीन, पाच, सात असं मोजलं आणि माझ्याकडे बघून हसली. नऊवा खळगा नव्हता.

आकडे

सुरू केलेली अकरा, पूर्ण सहा, सोडलेली दोन, एक कुलरने नेलं, एक फर्म्यावाचून अर्धवट, एक चालू आहे. वही दुसरी संपत आली. सुमेरचं जाडजूड पुस्तक परत उघडलं. आता लगशचा गुदेआ आला की मी विचारतो, याच्या देवळाला तांबं कुठून आलं? आणि उत्तर त्याच्याच लेखात असतं. राजांच्या याद्या अजूनही पाठ होत नाहीत, त्यांचा नाद सोडला.

पुढचा मुक्काम कथील. त्यासाठी एक मदत हवी. नागपुरात कुठे अजून भाता-कोळशावर कल्हई करणारा बसत असेल तर कळवा. आईचं एक पितळी पातेलं आहे, आतून पार उघडं पडलंय, आणि मला तो धूर एकदा लेकीला दाखवायचा आहे.