तुम्ही विचारलंत म्हणून: बाई जज असली की निकाल बाईच्याच बाजूने लागतो का?

महिन्यातनं दोनदा तरी हे मला कोणी ना कोणी विचारतं. लग्नात जेवताना, रिक्षात, एकदा तर दातांच्या डॉक्टरने माझा आ करून ठेवला आणि मग विचारलं. परवा पोटगीच्या केसमधला माझा पक्षकार, म्हणजे नवरा, बोर्डावर नवीन मॅडमचं नाव वाचून एकदम खचलाच, म्हणे वकीलबाई संपलं की आपलं, ट्रान्सफरचा अर्ज टाकूया ना. त्याला सांगायला सुरुवात केली आणि पुकारा झाला, त्यामुळे अर्धंच राहिलं. ते इथे पूर्ण करते.

असा अर्ज न्यूयॉर्कमध्ये १९७५ साली झालाय. आणि करणारे कोणी घाबरलेले नवरोबा नव्हते, सलिव्हन अँड क्रॉमवेल ही वॉल स्ट्रीटची बडी लॉ फर्म होती. नोकरीत घेताना, पगारात, बढतीत बायकांना डावलतात म्हणून त्यांच्यावर केस पडली होती, आणि ती आली फेडरल, म्हणजे तिथल्या केंद्राच्या कोर्टातल्या जज कॉन्स्टन्स बेकर मॉटली यांच्यासमोर. फर्मचं म्हणणं, या बाई, त्यातून काळ्या, त्यातून आयुष्यभर भेदभावाच्याच केसेस लढलेल्या, यांनी आमची केस चालवू नये.

आता बाईंचा इतिहास बघितलात तर फर्मला घाम का फुटला ते कळतं. जन्म १९२१, न्यू हेवन, आईवडील कॅरिबियनमधल्या नेव्हिस बेटावरून आलेले, बारा भावंडांत नववी. वडील येल विद्यापीठातल्या पोरांच्या क्लबांत आचारी. कॉलेजला पैसे नव्हते, पण एका सभेत ही मुलगी जे काय बोलली ते ऐकून क्लॅरेन्स ब्लेकस्ली नावाच्या गोऱ्या व्यापाऱ्याने पुढच्या शिक्षणाचा खर्च उचलला. (आपल्याकडे वारावर जेवून शिकलेल्यांच्या गोष्टी असतात ना, त्याच जातीची गोष्ट.) १९४६ ला कोलंबियातनं लॉ केलं, पण त्याआधीच थरगूड मार्शल या नावाजलेल्या काळ्या वकिलाच्या ऑफिसात काम सुरू झालं होतं, एनएएसीपीचा लीगल डिफेन्स फंड, काळ्यांच्या हक्कांच्या केसेस लढणारं ऑफिस.

मग वीसेक वर्षं अमेरिकेच्या दक्षिणेत वाऱ्या. मिसिसिपीतल्या जॅक्सनच्या फेडरल कोर्टात जजसाहेबांच्या पाठीमागे भिंतभर चित्र होतं, त्यात गोरे आपापल्या रुबाबात आणि काळे लोक कापसाच्या कामात. त्या चित्राकडे तोंड करून ही बाई आर्ग्युमेंट करायची! जेम्स मेरेडिथ या काळ्या तरुणाला तोवर गोऱ्यांच्याच असलेल्या मिसिसिपी विद्यापीठात प्रवेश मिळवून द्यायची केस होती, समोरचे वकील तिला धड 'मिसेस मॉटली' म्हणायलाही तयार नसायचे. मला इथे आमच्या बार रूममधले 'अहो ताई, तुम्ही बसा हो' आठवतात पण ते जाऊ दे. १९६२ ला मेरेडिथ कॉलेजात गेला, दंगल झाली, दोन माणसं मेली, पण गेला.

सुप्रीम कोर्टात दहा केसेस आर्ग्यू केल्या आणि नऊ जिंकल्या. हरलेली दहावी स्वेन विरुद्ध अलाबामा, १९६५. सरकारी वकील काळ्या ज्युरींना (ज्युरी म्हणजे खटल्यात निकाल द्यायला बसवलेले साधे नागरिक) कारण न देता एकेक करून बाहेर काढायचे, त्याविरुद्ध होती. मजा म्हणजे १९८६ मध्ये सुप्रीम कोर्टाने दुसऱ्या केसमध्ये त्या बाबतीतला आपला जुना निकाल फिरवला, म्हणजे २१ वर्षं उशिरा का होईना बाईंचंच खरं निघालं.

१९६६ ला प्रेसिडेंट जॉन्सन यांनी त्यांना फेडरल जज म्हणून नॉमिनेट केलं. तिकडे प्रेसिडेंटने नाव सुचवायचं, सिनेटने, म्हणजे संसदेच्या वरच्या सभागृहाने, मंजूर करायचं आणि एकदा बसलात की तहहयात, बदली नाही रिटायरमेंटचं वय नाही. पण सिनेटच्या कमिटीचे चेअरमन होते मिसिसिपीचेच ईस्टलंड, त्यांनी कम्युनिस्ट असल्याचा आरोप करून महिनोन् महिने फाईल अडवली, शेवटी ऑगस्टमध्ये मंजुरी आली. फेडरल जज झालेली ती पहिली काळी बाई.

तर एवढा सगळा 'पूर्वग्रह' घेऊन बसलेल्या जजने फर्मच्या अर्जावर काय लिहिलं? थोडक्यात असं की, जजची पार्श्वभूमी, लिंग किंवा वंश एवढ्यावरूनच तो बाद होणार असेल तर या कोर्टातला एकही जज ही केस चालवू शकणार नाही, कारण सगळेच आधी वकील होते आणि सगळ्यांनाच काही ना काही लिंग आहे. अर्ज फेटाळला. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा जुनिअर होते आणि टेबलावर हात आपटून हसले होते, कारण तोपर्यंत मलाही हे सुचलं नव्हतं की पुरुष जजसमोर पुरुष पक्षकार आला की आपण कधी ट्रान्सफरचा विचारसुद्धा करत नाही. ते म्हणजे नॉर्मल, आणि बाई आली की 'बाजू'.

बरं, पुढचे निकाल बघा. १९७८ मध्ये मेलिसा लुटके या स्पोर्ट्स रिपोर्टर बाईला यँकीज या बेसबॉल टीमच्या लॉकर रूममध्ये (खेळाडूंच्या कपडे बदलायच्या खोलीत) जाऊ द्या म्हणून ऑर्डर दिली. हो, बाई जिंकली. पण का, तर स्टेडियम न्यूयॉर्क शहराच्या मालकीचं होतं, म्हणून घटनेतली समानता तिथे लागू पडली. खाजगी जागा असती तर हा मुद्दा इतका सरळ चाललाच नसता. आणि मार्टिन सोस्ट्रे हा कैदी तर पुरुष, त्याला ३७२ दिवस एकट्याला कोंडून ठेवलं म्हणून १९७० मध्ये दिवसाला ३५ डॉलरच्या हिशोबाने भरपाई आणि दंड मिळून १३,०२० डॉलर द्यायला लावले. वरच्या कोर्टाने त्यातली दंडाची रक्कम उडवली, होतं असं. आणि भेदभावाची तक्रार घेऊन त्यांच्यासमोर आलेले कितीतरी जण पुराव्यात कमी पडून हरले, त्यात बायकाही होत्या, त्यांची फारशी चर्चा होत नाही इतकंच.

पुढे १९८२ ला न्यूयॉर्कच्या त्याच फेडरल कोर्टाच्या मॉटलीबाई चीफ जज झाल्या, आणि २००५ ला वारल्या तेव्हाही सीनियर जज म्हणून पदावर होत्याच.

आता आमचे पक्षकार, हे वाचत असाल तर, ट्रान्सफरचा अर्ज मी टाकणार नाही, उगाच कोर्टाचा वेळ आणि तुमचे पैसे. पुढच्या तारखेला पगाराच्या स्लिपा घेऊन या. सगळ्या. तो साईडचा बिझनेस पण सांगा मला आधी, कारण समोरच्या वकिलाला तो माहितीये असं मला वाटतंय आणि मॅडमनी विचारलं तर तिथे तुमचं पुरुष असणं काही कामाला येणार नाही.