वनहद्दीला लागलेली जमीन आणि दोन दप्तरे

पुण्यात जमिनींचे व्यवहार तपासून देण्याचे काम करताना मुळशी, मावळ, भोर आणि वेल्हे भागांतील डोंगरउताराच्या जमिनींची कागदपत्रे माझ्याकडे सतत येतात. बहुतेक खरेदीदारांचा प्रश्न ठरलेला असतो, की सातबारा स्वच्छ आहे, मग दस्त नोंदवायला हरकत काय? जमिनीची एक बाजू राखीव वनाला लागून असेल, तर नुसता सातबारा पाहून या प्रश्नाचे उत्तर देणे मला योग्य वाटत नाही.

दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात नोंद होते ती दस्ताची. विकणाऱ्याकडे मालकीच नसेल, तर दस्त कितीही व्यवस्थित नोंदवला तरी ती खरेदीदाराकडे येत नाही. विक्रेत्याची मालकी सिद्ध होते की नाही हे ठरवण्याचा अधिकार नोंदणी अधिकाऱ्याला नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 7 एप्रिल 2025 रोजी तामिळनाडूतील एका प्रकरणात स्पष्ट केले आहे. त्यामुळे दस्त स्वीकारला गेला म्हणजे सरकारने जमिनीची खात्री दिली, हा समज मनातून काढून टाकलेला बरा.

याची किंमत किती मोठी असू शकते, हे कोंढवा बुद्रुकच्या निकालाने पुणेकरांना दाखवून दिले. तेथील सुमारे 29 एकर जमीन 1879 च्या अधिसूचनेने राखीव वन झालेली होती. तरीही 1998 मध्ये महसूल यंत्रणेने ती खासगी व्यक्तींना दिली आणि पुढे ती एका गृहनिर्माण संस्थेकडे गेली. 15 मे 2025 रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते वाटप रद्द करून जमीन वनखात्याकडे परत देण्याचा आदेश दिला आणि महसूल खात्याच्या ताब्यात राहिलेल्या राखीव वनजमिनी शोधण्यासाठी प्रत्येक राज्यात विशेष तपास पथक नेमण्यास सांगितले. शहराच्या इतक्या जवळचे जंगल कागदोपत्री गिळले जात असताना ते वाचले, याचा मला मनापासून आनंद आहे.

परंतु याच विषयाची दुसरी बाजू तितकीच गंभीर आहे, आणि तिच्याकडे पुरेसे लक्ष जात नाही. महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियम, 1975 हा 30 ऑगस्ट 1975 रोजी अंमलात आला आणि त्या दिवशी राज्यातील खासगी वने सरकारजमा झाली. भारतीय वन अधिनियमाच्या कलम 35(3) खाली, म्हणजे जंगलाच्या वापरावर निर्बंध घालण्याआधी मालकाचे म्हणणे मागवणारी, नोटीस ज्या जमिनीबाबत काढलेली होती, ती जमीनही या कायद्याच्या व्याख्येत खासगी वन ठरते. अशा नोटिशी पन्नाशीच्या दशकात निघाल्या, त्यांतील अनेक मालकांपर्यंत पोहोचल्याच नाहीत, आणि कित्येक वर्षांनी एखाद्या फेरफाराने (महसूल दप्तरातील बदलाच्या नोंदीने) सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' या रकान्यात 'राखीव वन' असे शब्द अचानक उमटले. मुळशीतल्या एका वयस्क शेतकऱ्याने कागद माझ्यापुढे ठेवत विचारले, "वकीलसाहेब, नोटीस आली असती तर माझ्या वडिलांनी अंगठा दिला असता ना? तो अंगठा कुठंय ते दाखवा म्हणावं." त्या फेरफारात नोटिशीची तारीख नव्हती, बजावणीचा उल्लेख नव्हता, आणि खातेदाराचे म्हणणे ऐकल्याचेही कुठे लिहिलेले नव्हते.

त्यांचा प्रश्न कायद्यालाही धरून होता. गोदरेज अँड बॉईस या कंपनीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 30 जानेवारी 2014 रोजी हेच सांगितले, की नोटीस राजपत्रात छापून भागत नाही, ती मालकावर बजावली गेली पाहिजे, आणि दशकानुदशके पडून राहिलेल्या नोटिशीच्या आधारे जमीन ताब्यात घेता येत नाही. मुंबईतील विक्रोळीच्या जमिनीबाबत लागलेला हा निकाल सह्याद्रीच्या घाटमाथ्यावरील छोट्या खातेदारालाही तितकाच लागू पडतो. फरक इतकाच, की तो निकाल आपल्या बाजूचा आहे हे त्याला सांगायला कोणी नसते.

माझ्या मते कोंढव्यात जंगल धोक्यात आले आणि मुळशीत शेतकरी अडचणीत आला, त्याचे मूळ एकच आहे. महसूल आणि वन या दोन खात्यांची दप्तरे एकमेकांशी जुळवलेली नाहीत. म्हणून मी गाव नकाशा, मूळ टिपण (जुन्या मोजणीचे रेखाटन) आणि गटाच्या चतुःसीमा पाहतो, वन अधिसूचनेतील सर्व्हे नंबर आणि आजचा गट नंबर ताडून घेतो, आणि भूमी अभिलेख खात्याची मोजणी वनकर्मचाऱ्यांच्या उपस्थितीत व्हावी असा आग्रह धरतो. हद्दीचा बुरूज (वनहद्द दाखवणारी बांधीव खूण) प्रत्यक्ष कुठे आहे हे शेतात उभे राहूनच कळते. यात महिने जातात, खरेदीदार चिडतात, काही जण दुसऱ्याकडे जातात. तरीही मोजणीआधी इसार देऊ नका, हा माझा सल्ला मी बदलत नाही.

ज्यांच्या सातबाऱ्यावर अशी नोंद आधीच आली आहे, त्यांनी प्रथम त्या फेरफाराची आणि त्यामागील आदेशाची प्रमाणित प्रत काढावी. फेरफाराविरुद्ध प्रांताधिकाऱ्यांकडे अपिलाची मुदत 60 दिवसांची असते. मात्र नोटीस न देता घेतलेली नोंद उशिरा कळली असेल, तर अपिलासोबत विलंबमाफीचा अर्ज करता येतो. जमीन खासगी वन आहे की नाही हाच वाद असेल, तर 1975 च्या कायद्याच्या कलम 6 नुसार चौकशी करून निर्णय देण्याचे काम जिल्हाधिकाऱ्यांचे आहे. त्या चौकशीत जुनी पीकपाहणी आणि शेतसाऱ्याच्या पावत्या न चुकता दाखल कराव्यात.