सही माझीच आहे

"शाळा विनाअनुदानित आहे हे माहीत असूनच नोकरी धरलीत ना मॅडम? मग आता सरकारवर केस कशाला?" हे मला लग्नात विचारतात, पालकसभेत विचारतात. एकदा तर दाताच्या डॉक्टरांनी विचारलं, मी आ वासून बसलेली असताना. तेव्हा बोलता आलं नाही. आता बोलते.

हो, माहीत होतं. 2006 साली मी रुजू झाले तेव्हा शाळेच्या मान्यतेच्या पत्रातच 'कायम विनाअनुदानित' असं होतं. 2009 मध्ये सरकारनं त्यातला 'कायम' तेवढा काढला. एक शब्द गेला म्हणून आम्ही स्टाफरूममध्ये पेढे वाटले, यावरून ओळखा. हातात 20 टक्के अनुदानाचा टप्पा पडायला 2016 उजाडलं, आणि पुढचा टप्पा आपोआप मिळेल या भ्रमात राहू नका, हेही त्याच दमात सांगण्यात आलं. जुन्या शाळांचं अनुदान दरवर्षी वाढत शंभर टक्क्यांवर जायचं. तो प्रचलित नियम आम्हालाही लावा, एवढीच याचिका. दहावीचे पेपर तपासायला आम्ही चालतो. निवडणुकीची ड्यूटी लावताना तर शाळा किती टक्क्यांवर आहे हे कोणी विचारत नाही.

कायद्याचं म्हणाल तर दोन्हीकडून बोलता येतं. 1995 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं महाराष्ट्रातल्याच खासगी विधी महाविद्यालयांच्या प्रकरणात सांगितलं की बाकीच्या शाखांच्या खासगी महाविद्यालयांना अनुदान द्यायचं आणि विधीवाल्यांना नाही, हा भेदभाव आहे, राज्यघटनेतल्या समानतेच्या कलम 14 मध्ये बसत नाही. तो निकाल मी पाठ केला होता. मग 2021 मध्ये त्याच न्यायालयानं उत्तर प्रदेशातल्या एका इंटर कॉलेजच्या प्रकरणात म्हटलं की अनुदान हा मूलभूत हक्क नाही, तो धोरणाचा विषय आहे. अटी पटत नसतील तर अनुदान घेऊ नका. हा निकाल मला आमच्याच वकिलांनी दाखवला. "समोरचे हा काढणार," म्हणाले.

काढलाच. पण माझ्या जिव्हारी लागलं ते वेगळंच.

त्या दिवशी आमचं प्रकरण बोर्डावर, म्हणजे कोर्टाच्या त्या दिवसाच्या यादीत, 46 व्या क्रमांकाला होतं. सकाळपासून शेवटच्या बाकावर बसून सव्वाचारला पुकारा झाला. सरकारी वकिलांनी शपथपत्राला जोडलेलं एक पान काढलं आणि वाचलं. शाळा कायम विनाअनुदान तत्त्वावर असल्याची आम्हांस जाणीव आहे, भविष्यात शासनाकडे वेतनाची मागणी करणार नाही. खाली अकरा सह्या. न्यायमूर्तींनी विचारलं, "सह्या नाकारताय का?" आमच्या वकिलांनी वळून माझ्याकडे पाहिलं. मी मानेनंच नाही म्हटलं. आमचे वकील पुढे म्हणाले, मूलभूत हक्क सही करून सोडून देता येत नाही, हे 1958 पासून ठरलेलं आहे. समोरून लगेच आलं, अनुदान मूलभूत हक्क आहेच कुठे? चार मिनिटांत आटोपलं. चार आठवड्यांनंतरची तारीख.

बाहेर व्हरांड्यात मी ते पान मागून घेतलं. झेरॉक्सची झेरॉक्स होऊन सह्या काळ्याठिक्कर पडल्या होत्या, तरी माझी लगेच सापडली. तेव्हा मी सहीखाली दोन टिंबं द्यायचे. मुख्याध्यापकांच्या टेबलावरच्या काचेवर कागद ठेवून केली होती, काचेखाली सुट्ट्यांची यादी. न वाचता केली असं मी इतकी वर्षं सगळ्यांना सांगत आले. ते खोटं आहे. वाचून केली होती. आमचे शिपाईमामा चहाचा ट्रे बाजूला ठेवून सगळ्यांच्या शेवटी सहीला आले आणि मला म्हणाले, "मॅडम, यात वावगं काही नाही ना?" मी म्हटलं, "नाही हो मामा, पद्धत असते."

आणखी एक सांगते, जे कुठल्याच शपथपत्रात नाही. या नोकरीसाठी माझ्या घरच्यांनी संस्थेला पैसे दिले होते. किती, ते लिहिणार नाही. सगळेच देतात, असं मी तेव्हा म्हणायचे, आताही तोंडात तेच येतं. पण पैसे नव्हते म्हणून मागे राहिलेली एखादी माझ्याहून हुशार मुलगी असेलच ना. तिनं कुठे याचिका करायची?

2006 मधली मी मला सुनावते की सौदा केलास, अंगाशी आला, आता रडू नकोस. मी तिला म्हणते, सौदा मी केला असेल. एका सूक्ष्मदर्शकापुढे रांग लावणाऱ्या नववीच्या पोरांनी कुठे सही केली होती? हे उत्तर मला फार आवडतं. फक्त याचिकेत मुलांचा परिच्छेद वकिलांनी नंतर घातला. आम्ही गेलो होतो पगारासाठी. आणि पगारासाठी जाण्यात लाज कसली, हेही मला कळत नाही.

मामा गेल्या वर्षी निवृत्त झाले. याचिकाकर्ते क्रमांक 9. त्यांचं नाव ठेवायचं की काढायचं, ते विचारून सांगा, असा वकिलांचा निरोप येऊन दोन महिने झाले. दर तारखेच्या आदल्या रात्री मामांचा फोन येतो, "मॅडम, उद्या आहे ना आपली?" मी हो म्हणते आणि दुसरंच काहीतरी बोलत राहते.